दोन टेस्ट, एक चौकार आणि पुढची पंचवीस वर्षं

तेविसाव्या वर्षीच तुमच्या आयुष्यातली सगळ्यात गाजलेली गोष्ट होऊन गेली, तर उरलेल्या आयुष्याचं काय करायचं?

प्रश्न वाटतो तितका फिल्मी नाही. तुमच्याच ऑफिसात आजूबाजूला बघा. कॅम्पसमधून पहिल्या झटक्यात भारी पॅकेज उचललेला, दोन वर्षं ऑनसाइटला जाऊन आलेला आणि आता तिशीच्या उंबरठ्यावर कॅन्टीनमध्ये चहा ढवळत ‘यार, पुढं काय?’ म्हणणारा एक तरी मित्र सापडेलच. फ्रीलान्सिंग करणाऱ्या माझ्यासारखीला तर हा प्रश्न दर महिन्याच्या पाच तारखेला पडतो. एक कव्हर स्टोरी गाजते, आठवडाभर फोन येतात, मग सगळं सामसूम. आपण ‘येऊन गेलो’ की ‘आलो आहोत’, हे कळायला मार्ग नसतो.

या प्रश्नावर मला कुठल्याही मॅनेजमेंट गुरूपेक्षा जास्त उपयोगी पडलेला माणूस म्हणजे पुण्याचा हृषीकेश कानिटकर. हो, तोच. चौकारवाला.

मिडविकेटवरचा तो चौकार

ज्यांना आठवत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. 18 जानेवारी 1998, ढाका. इंडिपेंडन्स कपची तिसरी आणि निर्णायक फायनल, समोर पाकिस्तान. सईद अन्वर 140, इजाझ अहमद 117, आणि 48 षटकांत 314 धावा. तोपर्यंत वन-डेत एवढ्या धावांचा यशस्वी पाठलाग कुणीच केलेला नव्हता. गांगुलीनं 124 केले, रॉबिन सिंगनं 82, आणि तरीही मॅच शेवटच्या षटकापर्यंत लटकलीच. अंधारून आलेलं, हातात चेंडू साकलेन मुश्ताकच्या. दोन चेंडू, तीन धावा. समोर तेवीस वर्षांचा डावखुरा पोरगा. त्यानं बॅट फिरवली, चेंडू मिडविकेटवरून सीमापार गेला आणि अख्ख्या देशाला एक नाव पाठ झालं.

मी तेव्हा जेमतेम वर्षाची होते, त्यामुळे आठवण वगैरे काही नाही. पण आमच्या अक्कलकोटच्या घरात तो चौकार मी इतक्या वेळा ऐकलाय, की मी बघितलाय असंच मला वाटतं. सांगणारा अर्थातच माझा दादा. माझ्यापेक्षा आठ वर्षांनी मोठा आणि स्वतः डावखुरा. गल्लीत सचिन व्हायला दहा पोरं तयार असायची. दादा कानिटकर व्हायचा. त्या जागेला काँपिटिशनच नव्हती!

आता त्या चौकाराच्या पुढचं ऐका. हृषीकेश 34 वन-डे खेळला. 339 धावा, एकच अर्धशतक, ऑफस्पिननं 17 विकेट्स. डिसेंबर 1999 मध्ये मेलबर्नला बॉक्सिंग डेच्या दिवशी टेस्टमध्ये पदार्पण केलं. ज्या टेस्टमध्ये ब्रेट ली पहिल्यांदा धावत आला, तीच ही टेस्ट. हृषीकेशच्या धावा 11 आणि 45. पुढची टेस्ट सिडनीला, त्यात 10 आणि 8. दौऱ्यातल्या तिन्ही टेस्ट भारत हरला. जानेवारी 2000 संपता संपता त्याचं आंतरराष्ट्रीय करिअरही संपलं. वय वर्षं पंचवीस.

पंचवीस! आपल्याकडे या वयात लोक पहिला जॉब बदलतात.

आठ दिवसांचं बाळ

या गोष्टीला एक आधीचा भागही आहे. हृषीकेशचे वडील हेमंत कानिटकर. जन्म अमरावतीचा, महाराष्ट्राचे विकेटकीपर-बॅट्समन, रणजीत धावांचा रतीब घालणारे. भारताकडून खेळायची संधी मिळाली तेव्हा बत्तिशीला टेकले होते. 22 नोव्हेंबर 1974 ला बंगळुरूमध्ये वेस्ट इंडीजविरुद्ध ते पहिली टेस्ट खेळायला उतरले आणि अँडी रॉबर्ट्सच्या तोफखान्यासमोर 65 धावा केल्या. दुसऱ्या डावात 18. मग दिल्लीच्या टेस्टमध्ये 8 आणि 20. बस्स. पुन्हा बोलावणं आलं नाही.

बंगळुरूची ती टेस्ट सुरू झाली तेव्हा हृषीकेश पुण्यात आठ दिवसांचा होता. 14 नोव्हेंबरचा जन्म.

वडिलांच्या दोन टेस्ट, मुलाच्या दोन टेस्ट. दोघांचेही चार-चार डाव. वडिलांच्या 111 धावा, मुलाच्या 74. भारतीय क्रिकेटच्या जाडजूड रेकॉर्ड बुकात बापलेकांचा हिशेब दोन ओळींत उरकतो.

पण रेकॉर्ड बुकाच्या बाहेर काय घडलं, ते जास्त इंटरेस्टिंग आहे. हेमंत कानिटकर घरी बसले नाहीत. महाराष्ट्राचे कोच झाले, निवड समितीवर आले, आणि नव्वदच्या दशकात देशाच्या ज्युनियर निवड समितीवरही होते. म्हणजे काय, तर गावोगावच्या मैदानांच्या कडेला प्लॅस्टिकच्या खुर्चीत बसायचं, सोळा-सतरा वर्षांच्या मुलांचं क्रिकेट दिवसदिवस बघायचं आणि ठरवायचं, की यातला कोण पुढं जाईल. ना टीव्ही कॅमेरे, ना ऑटोग्राफ.

ज्यांना स्वतःला फक्त दोन टेस्ट मिळाल्या, ते दुसऱ्या कुणाला तरी पहिली मिळावी म्हणून उन्हात बसले होते.

एक कप कॉफी

अमेरिकेत बेसबॉलवाल्यांकडे यासाठी एक मस्त शब्द आहे. आयुष्यभर खालच्या लीगमध्ये खेळणाऱ्या आणि सर्वांत वरच्या लीगमध्ये चार-सहा दिवसांपुरतंच पाऊल टाकून परत आलेल्या खेळाडूला ते म्हणतात, ‘हा एक कप कॉफी पिऊन आला’. आपल्या भाषेत, चहा घेऊन आला. मूनलाइट ग्रॅहम नावाचा एक गडी तर 1905 मध्ये न्यूयॉर्क जायंट्सकडून एकच मॅच खेळला आणि त्यातही त्याला बॅटिंग मिळाली नाही. पुढं तो मिनेसोटातल्या एका छोट्या गावात डॉक्टर झाला आणि तिथं कैक वर्षं प्रॅक्टिस केली. ‘फील्ड ऑफ ड्रीम्स’ बघितला असेल, तर त्यातला म्हातारा डॉक्टर तोच.

‘मनीबॉल’ तर तुम्ही बघितलाच असणार. ब्रॅड पिटनं जो रंगवला तो बिली बीन खराखुरा. 1980 मध्ये सगळे स्काउट्स त्याच्यावर फिदा होते. काय शरीर, काय धाव, काय फेक! न्यूयॉर्क मेट्सनं त्याला पहिल्याच राउंडमध्ये उचललं. प्रत्यक्षात सहा सीझनमध्ये मिळून 148 मॅचेस, चार टीम्स, आणि बहुतेक वेळ बाकावर. 1990 मध्ये त्यानं स्वतःच ओकलंडच्या ऑफिसात जाऊन सांगितलं, मला खेळायचं नाही, स्काउट करा. खेळाडूनं ऐन उमेदीत उठून असं म्हणणं म्हणजे एखाद्या हिरोनं मेकअप पुसून ‘मला कास्टिंगला बसवा’ म्हणण्यासारखं होतं. पुढं त्याच क्लबचा जनरल मॅनेजर होऊन त्यानं अख्ख्या बेसबॉलला खेळाडू निवडायची नवी पद्धत शिकवली. दिसण्यावर भुलू नका, आकडे बघा. हे त्याला का सुचलं? कारण दिसण्यावर भुलून निवडलेला खेळाडू तो स्वतःच होता.

आपल्याकडेही हे झालंय. 2002 मध्ये बीसीसीआयनं टॅलेंट रिसोर्स डेव्हलपमेंट विंग सुरू केली. कल्पना मुंबईचे क्रिकेट पत्रकार मकरंद वायंगणकर यांची, प्रमुख दिलीप वेंगसरकर. मोठ्या शहरांबाहेरच्या मैदानांवर माणसं पाठवायची आणि पोरं हेरायची, असा सरळ मामला. या योजनेतले एक स्काउट प्रकाश पोद्दार. बंगालसाठी खेळलेले, पण टेस्ट एकही नाही. 2003 मध्ये त्यांनी आणि राजू मुखर्जींनी जमशेदपूरला एक लांब केसांचा विकेटकीपर बघितला आणि याच्यावर लक्ष ठेवा, असं वर कळवलं. तो विकेटकीपर पुढं कोण झाला, हे सांगायची गरज आहे?

मुक्काम पोस्ट कुठेही

परत हृषीकेशकडे येऊ. पंचविसाव्या वर्षी इंडियाची कॅप कपाटात गेल्यावर त्याच्यासमोर दोन रस्ते होते. एक, ढाक्याच्या चौकारावर आयुष्यभर भाषणं ठोकणं. दुसरा, परत रणजी खेळणं. म्हणजे रिकामी स्टेडियम्स, स्लीपर कोच, थंडीतल्या सकाळी साडेनऊची मॅच आणि दुसऱ्या दिवशी पेपरात आतल्या पानावर दोन ओळी.

तो खेळत राहिला. महाराष्ट्राकडून, मग मध्य प्रदेशाकडून, मग राजस्थानकडून. देशांतर्गत क्रिकेटच्या भाषेत ‘प्रोफेशनल’, म्हणजे दुसऱ्या राज्यानं मानधन देऊन बोलावलेला अनुभवी पाहुणा. फर्स्ट क्लासमध्ये दहा हजारांहून जास्त धावा, 33 शतकं, सरासरी बावन्नच्या वर. हे आकडे वाचून पुन्हा ते टेस्टचे आकडे वाचा. माणूस तोच आहे.

आणि मग राजस्थान. 1960-61 ते 1973-74 या काळात आठ वेळा रणजीच्या फायनलमध्ये हरलेली टीम. 2010-11 चा सीझन त्यांनी खालच्या प्लेट गटातून सुरू केला. म्हणजे गुणतक्त्याचा तळ. कॅप्टन हृषीकेश कानिटकर, सोबत आकाश चोप्रासारखा त्याच्याच जातकुळीचा दुसरा पाहुणा. पहिल्याच मॅचमध्ये दीपक चाहर नावाच्या नवख्या पोरानं 10 धावांत 8 विकेट्स काढल्या आणि हैदराबादचा खेळ 21 धावांत आटोपला. तिथून ही टीम जी सुटली, ती बडोद्याला हरवून थेट रणजी जिंकूनच थांबली. राजस्थानची पहिलीवहिली रणजी. पुढच्या वर्षी चेन्नईत तमिळनाडूला मागे टाकून पुन्हा तीच ट्रॉफी.

छत्तिशी-सदतिशीतल्या माणसानं ‘माझं काय झालं’ हे बाजूला ठेवून दुसऱ्याच राज्याच्या पोरांना जिंकायला शिकवलं. टीममध्ये नवखी पोरं असली, तर त्यांच्याकडे बघायची एक नजर लागते. ती नजर मला वाटतं तिथं तयार झाली.

2015 च्या जूनमध्ये हेमंत कानिटकर गेले. त्याच वर्षी हृषीकेशनं निवृत्ती जाहीर केली.

रिचर्ड्सच्या गावात

निवृत्तीनंतर तो कोचिंगकडे वळला. राज्यांच्या टीम्स, मग बंगळुरूची नॅशनल क्रिकेट अकादमी. 2022 च्या अंडर-19 वर्ल्ड कपला भारताचा हेड कोच म्हणून तो वेस्ट इंडीजला गेला. ती स्पर्धा म्हणजे दिव्यच होतं. मध्येच टीममध्ये कोविड शिरला, कॅप्टन यश धुल आणि व्हाइस कॅप्टन शेख रशीद दोघंही आयसोलेशनमध्ये, आणि आयर्लंडविरुद्ध अकरा धडधाकट पोरं कशीबशी मैदानात उतरली. तरी मॅच जिंकली. 5 फेब्रुवारीला फायनलमध्ये इंग्लंडला चार विकेट्सनी हरवून भारतानं कपही जिंकला.

फायनल कुठं झाली माहितीय? अँटिगातल्या सर व्हिव्हियन रिचर्ड्स स्टेडियमवर. आणि 1974 च्या बंगळुरूच्या त्या टेस्टमध्ये हेमंत कानिटकरांसोबत आणखी एका खेळाडूनं पदार्पण केलं होतं, त्याचं नाव व्हिव्हियन रिचर्ड्स. एकाच सकाळी सुरुवात केलेल्या दोघांपैकी एकाच्या नावाचं स्टेडियम उभं राहिलं आणि दुसऱ्याच्या वाट्याला दोन टेस्ट आल्या. अठ्ठेचाळीस वर्षांनी त्या दुसऱ्याच्या मुलानं घडवलेली टीम त्याच स्टेडियमवर वर्ल्ड कप उचलत होती. ही गोष्ट मी दादाला सांगितली, तेव्हा तो दोन मिनिटं काही बोललाच नाही. आमच्या दादासाठी हा विक्रमच आहे.

पण दादाला त्या टीममधल्या एका नावाचं जास्त कौतुक होतं. राजवर्धन हंगरगेकर. तुळजापूरचा! आमच्याकडून बघायला गेलं, तर शेजारचंच देवस्थान. अक्कलकोटला स्वामींचं दर्शन घेतलेला प्रत्येक जण पुढं तुळजाभवानीला जातोच. त्या वर्ल्ड कपनंतर चेन्नई सुपर किंग्जनं त्याला दीड कोटीला घेतलं, आणि 2023 च्या आयपीएलमधल्या पहिल्याच मॅचमध्ये त्यानं तीन विकेट्स काढल्या.

दोन वर्षांनी, 2024 च्या अंडर-19 वर्ल्ड कपलाही दक्षिण आफ्रिकेत हृषीकेशच कोच होता. या वेळी टीममध्ये चक्क सोलापूरचा अर्शिन कुलकर्णी. त्याआधीच्या जूनमध्ये महाराष्ट्र प्रीमियर लीगमध्ये त्यानं 54 चेंडूंत 117 धावा कुटल्या होत्या, त्यात 13 षटकार. वर्ल्ड कपमध्ये अमेरिकेविरुद्ध 108. आणि बीडचा सचिन धस. सेमीफायनलमध्ये दक्षिण आफ्रिकेच्या 244 धावांसमोर आपले 4 बाद 32 झाले होते. तिथून सचिननं 96 आणि कॅप्टन उदय सहारननं 81 काढून मॅच खेचून आणली. फायनल मात्र ऑस्ट्रेलियानं जिंकली.

आता हे स्पष्ट करायला हवं, की टीम निवडते ती निवड समिती, कोच नव्हे. पण निवडलेल्या अठरा वर्षांच्या मुलाला महिनोनमहिने जवळून बघणारा माणूस कोच असतो. ‘तू भारी आहेस’ हे त्या मुलाला सगळेच सांगतात. ‘उद्या बोलावणं आलं नाही तर?’ हे सांगू शकणारा माणूस लागतो. आणि त्यासाठी तो स्वतः तिथून जाऊन आलेला असावा लागतो.

झेरॉक्सच्या दुकानातला स्काउट

तुळजापूर, सोलापूर, बीड. नकाशा काढून बघा, आमचं अक्कलकोट या सगळ्यांच्या शेजारीच आहे. दर गुरुवारी गाड्यांची रांग लागते, अन्नछत्रात हजारो माणसं जेवतात, पुण्या-मुंबईचे लोक येतात आणि जातात. पण क्रिकेटचा स्काउट म्हणून आमच्या गावात आजवर एकच माणूस मी बघितलाय. माझा दादा.

दादा सोलापूरच्या पार्क स्टेडियमवर खूप खेळला. सतराव्या वर्षी पुण्यात एका ट्रायलला गेला. नेटमध्ये सहा चेंडू मिळाले, संध्याकाळी लागलेल्या यादीत नाव नव्हतं. रात्रीच्या गाडीनं परत आला आणि पुढच्या वर्षी पुन्हा गेला. पुन्हा तेच. त्यानंतर बी.कॉम., आणि आता एसटी स्टँडजवळ झेरॉक्स आणि ऑनलाइन फॉर्म भरून देण्याचं दुकान. संध्याकाळी साडेपाचला दुकानावर पोऱ्याला बसवून तो मैदानावर जातो. कोच वगैरे नाही. नुसता कडेला उभा राहून बघतो.

काय बघतोस, असं मी एकदा विचारलं होतं. तर म्हणाला, “मारणारी पोरं सगळेच बघतेत. मी आउट झालेलं पोरगं बघतो. आउट झाल्यावर बॅट आपटतंय, का दुसऱ्याची बॅटिंग बघत बसतंय, ते बघायचं.”

एखादं पोरगं नजरेत भरलं, की दादाचं दुकान कामाला लागतं. जन्मदाखला, आधार, शाळेचं बोनाफाइड, फोटो. सोळा वर्षांखालच्या मुलांची मनगटाचा एक्स-रे काढून हाडांच्या वयाची चाचणी होते, त्यामुळे दाखल्यावरच्या तारखेत गडबड चालत नाही, हे तो आईबापांना पहिल्या दिवशीच बजावतो. सोळाखालच्यांसाठी विजय मर्चंट ट्रॉफी, एकोणीसखालच्यांसाठी कूचबिहार आणि विनू मंकड. ही शिडी त्यानं दुकानातल्या भिंतीवर स्केचपेननं लिहून चिकटवलीय, झेरॉक्सच्या रेटकार्डाच्या खाली. जानेवारी 2024 मध्ये पार्क स्टेडियमवर महाराष्ट्राची मणिपूरविरुद्ध रणजी मॅच झाली, तेव्हा तो दुकान बंद ठेवून सात पोरांना एसटीनं घेऊन गेला होता.

मागच्या दिवाळीत मी घरी गेले, तेव्हा त्याचा नवा शोध होता एक चौदा वर्षांचा डावखुरा. वडिलांचं मंदिराकडे जाणाऱ्या रस्त्यावर नारळ-हारांचं छोटं दुकान. दादाचं म्हणणं, शनिवार-रविवार पोराला सोलापूरला नेटवर पाठवायचं, उन्हाळ्यात ट्रायल द्यायची. वडील तयार नव्हते. दादा मला घेऊन गेला. “तू पेपरात लिहितीस, तुझं ऐकतील बघ.”

मी आपला माझा कानिटकर सुरू केला. ढाका, दोन टेस्ट, राजस्थान, अँटिगा. काकांनी हार ओवता ओवता सगळं ऐकून घेतलं. मग विचारलं, “त्यांचे वडील टेस्ट खेळल्यालं म्हणता न्हवं? घरातच मास्तर होता की. आमच्याकडं कोण खेळलंय?”

बरोबरच होतं. हृषीकेशच्या घरी क्रिकेट जेवणाच्या ताटावर बोललं जात असणार. इथं ताटावर नारळाचा भाव बोलला जातो. मी तुळजापूर सांगितलं, बीड सांगितलं. काका म्हणाले, “तायडे, नाव झाल्यालं तीन-चार जण सांगितलीस. ज्यांचं नाव न्हाई झालं ते किती?”

याचं उत्तर माझ्याकडच्या कुठल्याच फाइलमध्ये नव्हतं. आपल्या कुणाच्याच इंडस्ट्रीत नसतं. यशाच्या मुलाखती मी भरपूर घेतल्यात, पण ‘निवड झाली नाही’ या विषयावर मला कुणी असाइनमेंट दिलेली नाही. एका निवडलेल्यामागे न निवडलेले किती, आणि ते नंतर काय करतात, हे विचारणारा माणूस नकारात्मक वगैरे काही नव्हता. तो बाप होता आणि हिशेब करत होता. सोलापूरचं येण्या-जाण्याचं भाडं, बॅट, बूट, आणि दुकानावर शनिवार-रविवारचा एक हात कमी. शनिवार-रविवारीच तर गर्दी असते.

मी दादाकडे बघितलं. ‘नाव न्हाई झाल्यालं’ एक उदाहरण तर तिथंच उभं होतं, काकांच्या दुकानातला हार हातात घेऊन फुलं नीट करत.

मला तेव्हा वाटलं, कानिटकर बापलेकांच्या गोष्टीतलं ढाका आणि अँटिगा मी चुलीत घातलं तरी चालेल. त्यातलं कामाचं एवढंच, की दोन टेस्टनंतरही दोघांनी मैदान सोडलं नाही. वर जाऊन परत आलेला माणूस खाली नुसता बसून राहिला, तर ती फक्त एक जुनी बातमी उरते. तो दुसऱ्याला वाट दाखवायला उभा राहिला, तर ती पुन्हा एक नोकरी होते, काम होतं, रोज सकाळी उठायचं कारण होतं. दादाला तर वर जायलाही मिळालं नाही. तरी तो साडेपाचला कडेला उभा असतो.

काकांनी शेवटी अट घातली. एक वर्ष. गुरुवारी आणि पौर्णिमेला पोरगं दुकानावर पाहिजे, आणि नववीत पाय घसरला तर सगळं बंद. दादानं तिथंच मोबाइलवर फॉर्म उघडला आणि जन्मतारीख विचारली.

काकांनी ती सांगितली आणि पुन्हा म्हणाले, “आन् निवड न्हाई झाली तर?”

“तर माझ्याकडं पाठवा,” दादा मान वर न करता म्हणाला. “संध्याकाळी बारकी पोरं बघायला मला एक माणूस कमीच पडालाय.”